पोटभरीचं, दाटसर लीकचं सूप: दाटपणा कशाने येतो आणि कुठे बिघडतं

खलबत्ता

थंडी पडली की पुण्यात मंडईत आणि कॅम्पातल्या शिवाजी मार्केटात इंग्लिश भाजीवाल्यांकडे लीक (कांद्याच्याच कुळातली भाजी) छान मिळतो, दांडा पांढराशुभ्र आणि हाताला टणक. सुपाबद्दलचे प्रश्न वेगवेगळ्या धाग्यांत विखुरलेत, म्हणून सगळं एका जागी लिहिते.

मुद्द्याचं आधी. हे सूप दाट आणि मऊसूत होतं ते लीकला मंद आचेवर पुरेसा वेळ दिल्याने आणि बटाटा नीट हाताळल्याने. क्रीम अगदी शेवटी, चवीपुरतं. पहिल्या दोन गोष्टी चुकल्या तर क्रीमचं अख्खं पाकीट ओतूनही सूप पाणचट नाहीतर चिकटच राहतं.

जेवणाऐवजी घ्यायचं असेल तर चार जणांना हे प्रमाण पुरतं. मध्यम लीक तीन, पानांसकट साधारण 650 ग्रॅम; वरची गडद हिरवी पानं काढली की 300 ते 350 ग्रॅम उरतो. बटाटे 300 ग्रॅम, म्हणजे मोठे दोन. बटर 40 ग्रॅम. पाणी किंवा भाज्यांचा स्टॉक 900 मिली, शिवाय शेवटी सैल करायला 200 मिली गरम पाणी हाताशी. दूध 150 मिली, फ्रेश क्रीम 100 मिली. मीठ, पांढरी मिरी, चिमूटभर किसलेलं जायफळ. लसूण घालायचाच तर दोन पाकळ्या, त्याहून जास्त नको. लीकचा वास नाजूक असतो, लसूण त्याला झाकून टाकतो.

धुणं. लीक वाढत असताना दांड्याला ऊन लागू नये म्हणून मातीची भर लावतात, म्हणून तो पांढरा राहतो. तीच माती पानांच्या थरांत जाऊन बसते. बाहेरून चकचकीत दिसणारा लीक उभा चिरून बघा: पांढरा भाग संपून हिरवा सुरू होतो तिथे दोन थरांच्या मधे काळी बारीक रेघ असते. नळाखाली धरून ती जात नाही. लीक उभा चिरून अर्ध्या सेंटिमीटरच्या आडव्या चकत्या करा, मोठ्या पातेल्यात भरपूर पाण्यात टाका, बोटांनी थर सुटे करा आणि पाच मिनिटं हात लावू नका. चकत्या वर तरंगतात, माती खाली बसते. मग झाऱ्याने चकत्या वरून उचलून घ्या. पातेलं चाळणीवर उपडं केलंत तर तळची सगळी माती परत भाजीवर येणार. पाणी बदलून पुन्हा एकदा तेच. शेवटी पातेल्याच्या तळाशी बोट फिरवायचं. खरखर लागली तर तिसरं पाणी.

वाफेवर मऊ करणं. सगळी गंमत इथे आहे. जाड बुडाच्या पातेल्यात बटर वितळवा, फेस यायला लागला की लीक आणि अर्धा चहाचा चमचा मीठ घाला. लीक किंचित ओला असला तरी चालतो, उलट बरं. झाकण ठेवा, गॅस शेगडीवर जेवढा बारीक होईल तेवढा बारीक. 15 ते 18 मिनिटं लागतात. दर तीन-चार मिनिटांनी हलवा आणि झाकणावर जमलेलं पाणी पातेल्यातच पडू द्या.

सुरुवातीला उग्र, कांद्यासारखा वास येतो आणि डाव फिरवताना चकत्या करकरतात. दहाव्या मिनिटाला ढीग निम्म्यावर येतो. शेवटी एक चकती चिमटीत धरून दाबली तर तिचा लगदा व्हायला हवा, रंग काचेसारखा, वास गोडसर. कडा तांबूस व्हायला लागल्या तर लगेच दोन चमचे पाणी शिंपडा. भजीचा कांदा तांबूस झालेला छान लागतो, पण इथे तो तांबूसपणा सुपात कडवट उतरतो आणि रंगही मळका करतो.

बटाटा. लीक मऊ झाल्यावरच बटाटा सोला आणि दीड सेंटिमीटरचे तुकडे करून थेट पातेल्यात टाका. आधी चिरून पाण्यात ठेवायची आपल्याला सवय असते, पण तुकड्यांवरचा स्टार्चच इथे हवा असतो. तो पाण्यात गेला की सूप तेवढं पातळ. दोन मिनिटं परतून 900 मिली गरम पाणी किंवा स्टॉक घाला, एक उकळी आणून आच कमी करा आणि अर्धवट झाकण ठेवून 15 मिनिटं शिजवा. सुरीचं टोक तुकड्यात अडखळता कामा नये.

घोटणं. ह्यासाठी सगळ्यात उत्तम साधन आपल्याकडे घरोघरी आहे: पुरणयंत्र. बारीक जाळी लावा आणि गरम असतानाच सगळं फिरवून काढा. बटाटा मोकळा राहतो, लीकचे धागे जाळीवर अडकतात, सूप रेशमासारखं खाली येतं. जाळीवर उरलेला चोथा एकदा डावाने दाबून पिळून घ्या आणि टाकून द्या.

घोटलेलं सूप पुन्हा बारीक आचेवर ठेवा, कोमट दूध घाला, मीठ चाखा, मिरी आणि जायफळ घाला. बुडबुडे दिसायला लागताच गॅस बंद करून क्रीम. डावाच्या पाठीवर सूप घेऊन मधून बोट ओढलं तर रेघ तशीच राहिली पाहिजे, लगेच मिटता कामा नये. जास्त दाट वाटलं तर बाजूला ठेवलेलं गरम पाणी थोडं थोडं करून.

---

अर्धा_कप

पुरणयंत्राचं फारच पटलं! पण ज्यांच्याकडे फक्त मिक्सर आहे त्यांनी काय करायचं? मिक्सरमधून काढलेलं हे सूप कधी कधी खळीसारखं होतं, डाव उचलला की तार धरतं. असं का होतं?

---

खलबत्ता

अर्धा_कप, शिजलेल्या बटाट्याच्या पेशींत फुगलेला स्टार्च भरलेला असतो. मिक्सरचं पातं जोरात फिरलं की पेशी फुटतात, स्टार्च बाहेर येतो आणि त्याची खळ होते. एकदा झाली की परत फिरवता येत नाही, पाणी घालून नुसती पातळ खळ मिळते.

मिक्सरच वापरायचा तर बटाट्याचे तुकडे झाऱ्याने बाजूला काढा. लीक आणि पाणी मिक्सरमधून अगदी गुळगुळीत करा. लीकला कितीही फिरवलं तरी काही होत नाही. बटाटा पावभाजीच्या मॅशरने किंवा रवीने हाताने घोटा, मग दोन्ही एकत्र करून फक्त रवीने ढवळा. हँड ब्लेंडर असेल तर तीन-तीन सेकंदांचे पाच-सहा झटके, त्याहून जास्त नाही.

आणि कळकळीने सांगते, उकळतं सूप मिक्सरच्या भांड्यात भरून झाकण घट्ट लावू नका. वाफ कोंडते, झाकण उडतं आणि हात भाजतो. पंधरा मिनिटं कोमट होऊ द्या, भांडं निम्मंच भरा, झाकणावर जाड फडकं धरा आणि सगळ्यात कमी वेगावर सुरू करा.

---

आंबेगावकर

लीक आणि बटाटा दोन्ही निवडण्याबद्दल थोडे लिहितो.

लीकला कांद्यासारखा गड्डा धरत नाही. मुळापासून वरपर्यंत दांडा जवळजवळ सरळ असतो. घेताना पांढरा भाग किमान एक वीत लांब आहे का ते पाहावे. भर कमी लागलेल्या लीकमध्ये पांढरे दोन बोटेच असते आणि बाकी सगळे हिरवे. वजन तेवढेच भरते, सुपात मात्र निम्मेही उतरत नाही. दांड्याची जाडी दोन ते तीन सेंटिमीटर असावी. मनगटाएवढे जाड लीक आतून राठ निघतात.

दुसरी गोष्ट डेंगळ्याची. कांद्याप्रमाणेच लीकलाही डेंगळा येतो, म्हणजे फुलाचा दांडा आतून वर सरकतो. बाहेरून ते पटकन कळत नाही. दांडा दोन बोटांत दाबून पाहावा: चांगला लीक थोडा दबतो, डेंगळ्याचा आत काडी असल्यासारखा कडक लागतो. घरी आल्यावर तसा निघाला तर उभा चिरून मधला पिवळसर, भरीव गाभा काढून टाकावा, तो कितीही शिजवला तरी मऊ होत नाही. बाहेरचे थर वापरायला हरकत नाही.

बटाट्याचे असे की नुकता काढलेला, पातळ सालीचा नवा बटाटा पाणीदार असतो. तो भाजीला चांगला, सुपाला दाटपणा देत नाही. सालीला हात घासला तरी ती सुटत नाही असा, कोरड्या सालीचा बटाटा घ्यावा. आमच्या सातगाव पठाराचा वेफर्ससाठी जाणारा बटाटा मिळाला तर सोन्याहून पिवळे, कारण त्यात पाणी कमी आणि स्टार्च जास्त. शीतगृहातून नुकता आलेला बटाटा गोडसर लागतो, थंडीत त्यातल्या स्टार्चची साखर होते. तसा मिळाला तर आठवडाभर टोपलीत बाहेर ठेवून वापरावा.

---

निरगुडी

आंबेगावकरदादा, डेंगळ्याचं फार उपयोगी सांगितलंत. सूप छान शिजूनही मधेच काडी दाताखाली येते ती हीच.

एक भर. गडद हिरवी पानं टाकू नका, त्यांचा स्टॉक करा. पानं स्वच्छ धुवा (त्यांत सगळ्यात जास्त माती असते), हाताने मोडून सव्वा लिटर पाण्यात घाला. त्यात एक गाजर, कोथिंबिरीच्या काड्या, पाच-सहा मिरे. बारीक आचेवर 30 मिनिटं, मग गाळून घ्या. गळून साधारण लिटरभर मिळतो. त्याहून जास्त उकळला तर पानांचा तुरटपणा उतरतो. कोबी, फ्लॉवर, मुळा ह्यांचे देठ त्यात नकोत, त्यांचा वास सगळ्यावर बसतो.

पाश्चात्त्य पाककृतींत ह्या स्टॉकमध्ये बे लीफ सांगतात आणि आपण सरळ तमालपत्र टाकतो. ती दोन वेगळी झाडं आहेत. आपलं तमालपत्र दालचिनीच्या जातीचं, पानावर तीन लांब शिरा. बे लीफला मधे एकच शीर असते आणि वास अगदी वेगळा. तमालपत्राने सूप पुलावाकडे झुकतं. घालायचंच तर अर्धं पान, तेही दहा मिनिटांनी काढून घ्या. थाईमच्या जागी मात्र आपला ओवा चालतो, दोघांत थायमॉल हे एकच वासाचं द्रव्य असतं. पण चार जणांच्या सुपाला ओव्याचे आठ-दहा दाणे, चुरडून, बास.

---

साखरफुटाणे

माझा प्रश्न क्रीमचा. घरची साय वापरली तर सूप फाटतं, वर पिवळे तुपाचे थेंब आणि खाली चुरा. विकतच्या क्रीमने तसं होत नाही. सायीने करायचं असेल तर कसं?

---

खलबत्ता

साखरफुटाणे, आधी साय कुठली ते बघा. लोण्यासाठी आठवडाभर साठवलेली, त्यातही विरजण लावलेली साय आंबट असते, ती गरम सुपात फाटणारच. कालची किंवा आजची गोडी साय घ्या, चार मोठे चमचे. ती गाठीगाठींची असते, म्हणून दोन चमचे थंड दूध घालून काट्याने फेटा आणि गाळणीतून दाबून काढा. मिक्सरमध्ये फेटू नका, लोणी सुटेल.

मग सुपाचा एक डाव वाटीत घ्या, त्यात साय ढवळा आणि ती कोमट झाली की पातेल्यात ओता. गॅस बंद असताना. साय किंवा क्रीम घातल्यावर सूप उकळायचं नाही, हा नियम दोन्हींना लागू. अमूलच्या फ्रेश क्रीममध्ये स्निग्धांश 25 टक्के असतो. परदेशी पाककृतींतलं दाट क्रीम ह्याच्या दीड-दोन पट स्निग्ध असतं आणि म्हणून उकळी सोसतं. आपलं सोसत नाही. त्या पाककृतीत 'क्रीम घालून दहा मिनिटं उकळा' असं वाचलं तर ती पायरी सोडा.

लिंबू पिळायची ज्यांना सवय आहे त्यांनी ते आपापल्या वाडग्यात, खाताना पिळावं. पातेल्यात नको.

फाटलंच तर गॅस बंद करा, दोन चमचे थंड क्रीम घालून हँड ब्लेंडरचे दोन-तीन झटके द्या. बरंचसं जमून येतं. चुरा अगदी बारीक झाला असेल तर मात्र जिभेला थोडा रवाळपणा लागतोच.

---

पातीचा_कांदा

लीक नाही मिळाला तर कांद्याची पात चालेल का? दिसायला तर सारखीच.

---

आंबेगावकर

दिसण्यातही फरक आहे. कांद्याची पात आतून पोकळ असते, नळीसारखी. लीकचे पान चपटे, मधे घडी पडलेले, आणि पाने पंख्यासारखी दोन बाजूंना फाकलेली असतात. भाजीवाल्याने जाड पातीचा कांदा लीक म्हणून दिला तर पान मोडून पाहावे, लगेच कळते.

---

निरगुडी

चवीतही पात वेगळी पडते. पातीच्या नळीत बुळबुळीत रस असतो, तो सुपात उतरतो, आणि पंधरा मिनिटं शिजली की तिचा हिरवा रंग शेवाळी होतो. तिला लीकइतका वेळ देताच येत नाही.

जवळात जवळ जायचं तर अलिबागचा पांढरा कांदा 250 ग्रॅम, पातळ उभा चिरून, वर लिहिलंय तसाच मंद आचेवर, फक्त 20 ते 25 मिनिटं. त्याचा तिखटपणा मुळातच कमी असतो. सोबत पातीच्या कांद्यांचा खालचा पांढरा भाग, दोन जुड्यांचा. हिरवी पात बारीक चिरून वाढताना वरून. लीकचं सूप म्हणणार नाही मी त्याला, पण सूप म्हणून उत्तम होतं. साधा लाल कांदा घेऊ नका, रंग राखाडी-जांभळट येतो.

---

मुळामुठा

कुकरमध्ये करता येईल का? संध्याकाळी साडेसातला घरी आल्यावर पाऊण तास शेगडीपाशी उभं राहणं रोज शक्य होत नाही.

---

खलबत्ता

मुळामुठा, येईल, पण परतणं वगळू नका. सगळं एकदम कुकरात घालून शिट्ट्या काढल्या तर लीकचा उग्र वास आत कोंडून राहतो आणि सूप उकडलेल्या कांद्यासारखं लागतं. कुकरातच, शिट्टीचं झाकण न लावता, वर नुसती ताटली ठेवून लीक दहा मिनिटं तरी मऊ करा. मग बटाटा आणि 700 मिली गरम पाणी. कुकरात पाणी आटत नाही म्हणून 900 नाही. मध्यम आचेवर दोन शिट्ट्या, वाफ आपोआप जिरू द्या. बटाटा फेसाळतो, म्हणून कुकर निम्म्याच्या वर भरू नका. उरलेलं पाणी घोटताना अंदाजाने.

वेळ वाचवायची खरी जागा वेगळी आहे. सुटीच्या दिवशी तीन-चार जुड्या लीक धुवून, चिरून, बटरमध्ये पूर्ण मऊ करून ठेवा. गार झाल्यावर डब्यात भरून फ्रीजमध्ये तीन दिवस, फ्रीजरमध्ये महिनाभर राहतो. मग रोजच्या दिवशी फक्त बटाटा शिजवायचा उरतो. न धुतलेला लीक ठेवायचा तर पानं कापून, वर्तमानपत्रात गुंडाळून भाजीच्या कप्प्यात. आठ-दहा दिवस टिकतो.

---

पर्वतीपायथा

दोन प्रश्न. घरी एकजण दुधाचं काहीच खात नाही, तर क्रीमऐवजी काय? आणि चातुर्मासात कांदा-लसूण बंद असतो तेव्हा लीक चालतो का?

---

निरगुडी

चातुर्मासाचं आधी. लीक कांदा-लसणाच्याच कुळातला, त्याच प्रजातीगटातला आहे. जे कांदा-लसूण वर्ज्य करतात त्यांना लीकही वर्ज्यच धरावा लागेल. भाजीवाला 'हा कांदा नाही' म्हणाला तरी. (जाता जाता: घरात कुत्रा-मांजर असेल तर लीकचे देठ, पानं, उरलेलं सूप काहीही त्यांना घालू नका. हे सगळं कूळ त्यांना विषारी आहे.)

दुधाऐवजी काजू. 40 ग्रॅम काजूतुकडा उकळत्या पाण्यात अर्धा तास भिजवून, 100 मिली पाण्यात अगदी गंधासारखा वाटून गाळून घ्या. बटरच्या जागी शेंगदाण्याचं नको, वास येतो. सूर्यफुलाचं तेल तीन मोठे चमचे. काजूची पेस्ट घातल्यावर पाच मिनिटं उकळावं लागतं, नाहीतर कच्चट लागतं. आणि ती तळाला पटकन लागते, म्हणून सतत ढवळा. नारळाचं दूध घालू नका असं आग्रहाने सांगेन, मग फक्त नारळच लागतो.

---

अर्धा_कप

सूप पातळ झालं तर कॉर्नफ्लोअर लावावं का?

---

खलबत्ता

नको. कॉर्नफ्लोअरने सूप चकचकीत, जेलीसारखं होतं, चायनीज सुपासारखं. आणखी एक बटाटा वेगळा उकडून, गरम असताना किसून मिसळा. तोही हाताशी नसेल तर दोन मोठे चमचे ओट्स कोरडे वाटून घाला आणि पाच मिनिटं शिजवा. आटवायचं असेल तर दूध घालायच्या आधी, झाकण काढून.

---

ब्रूनमस्का

पोटभरीचं म्हणालात म्हणून चिकनचं लिहितो. स्कॉटलंडमध्ये कॉक-अ-लीकी नावाचं सूप करतात: कोंबडी, लीक, बरेचदा जव किंवा तांदूळ, आणि त्यात वाळलेले आलुबुखार. आलुबुखार वाचून दचकू नका, एका वाडग्यात एखादाच येतो आणि लीकच्या गोडीला आंबटगोड जोड देतो.

हाडांसकट चिकन 700 ग्रॅम, पाणी दीड लिटर, मिरे, थोडं मीठ. पाणी थंड असतानाच चिकन घाला, उकळी येईपर्यंत वर येणारा राखाडी फेस काढत राहा. मग आच इतकी कमी की मधूनच एखादा बुडबुडा यावा, 45 मिनिटं. खळाखळा उकळलं तर पाणी गढूळ होतं आणि मांस दोऱ्यासारखं. चिकन काढून हाडं वेगळी करा. सोललेले जव 40 ग्रॅम, तीन तास भिजवलेले, ह्याच पाण्यात अर्धा तास शिजवा. लीक निम्मा आधी घाला आणि निम्मा शेवटच्या दहा मिनिटांत. पहिला विरघळून चव देतो, दुसरा चावायला राहतो. मग चिकन आणि चार-पाच आलुबुखार, आणखी दहा मिनिटं. हे घोटायचं नाही. ज्यांना दाटसर हवं त्यांनी खलबत्तांच्या सुपाचे दोन डाव ह्यात मिसळावेत, दोन्हीचं फार सुंदर जमतं.

सोबत कॅम्पातल्या इराणी बेकरीचा ब्रून, आडवा कापून तव्यावर बटरमध्ये कापलेली बाजू खाली ठेवून भाजलेला. त्याचं कडक कवच सुपात बुडवलं तरी लगेच लिबलिबीत होत नाही. लादी पाव होतो.

---

हळदीचं_पान

शाकाहारी सूपही जेवणाइतकं पोटभरीचं करायचं असेल तर बटाट्यासोबत पाव वाटी मूगडाळ (धुतलेली, पिवळी) घालून बघा. पाणी 200 मिली वाढवा. डाळ पूर्ण विरते, रंग किंचित पिवळसर येतो, चव बिघडत नाही. तूरडाळ नको, ती वरणाची चव आणते.

चीज घालणाऱ्यांसाठी: प्रोसेस्ड चीजचे दोन क्यूब किसून, गॅस बंद केल्यावर. त्यात क्षार मिसळलेले असतात म्हणून ते सुपात फाटत नाही, एकजीव होतं. मात्र मीठ आधी निम्मंच घाला. बटर खारं, चीज खारं, स्टॉकची वडी वापरली तर तीही खारी, आणि मग बटाटा टाकूनही काही उपयोग नाही.

---

मुळामुठा

बटाट्याच्या दाट सुपाला पार्मांतिए म्हणतात ते का? आणि ह्याचंच थंड सूप करतात ना, त्याचं प्रमाण वेगळं असतं का?

---

ब्रूनमस्का

पार्मांतिए हे माणसाचं नाव. आंत्वान पार्मांतिए, 1737 ते 1813. फ्रान्समध्ये लोक बटाटा खायला तयार नव्हते, त्यांना त्याने तो खायला लावला. म्हणून फ्रेंच पाककृतीत त्याचं नाव दिसलं की बटाटा आहे असं समजायचं.

थंड सुपाचं नाव विशिस्वाझ. न्यूयॉर्कच्या रिट्झ-कार्ल्टनमधला फ्रेंच आचारी लुई दिया ह्याला 1917 सालचं त्याचं श्रेय दिलं जातं. एप्रिल-मे मध्ये पुण्यात दुपारी करून बघा, मात्र चार बदल हवेत. बटर 40 ऐवजी 15 ग्रॅम आणि बाकी तेल, कारण फ्रीजमध्ये बटर गोठून जिभेला कण लागतात. बटाटा 200 ग्रॅम, थंड झाल्यावर सूप खूपच दाट होतं. मीठ गरम असताना किंचित जास्त वाटेल इतकं, थंड पदार्थात ते कमी लागतं. आणि क्रीम सूप पूर्ण गार झाल्यावर. किमान पाच तास फ्रीजमध्ये ठेवून, वाढायच्या आधी गाळून घ्या.

---

साखरफुटाणे

उरलेलं सूप दुसऱ्या दिवशी डब्यात न्यायचं तर? फ्रीजमधून काढलं की दह्यासारखं थिजलेलं असतं.

---

हळदीचं_पान

थिजणारच, बटाट्याचा स्टार्च थंड झाला की आवळतो. अर्धी वाटी गरम दूध किंवा पाणी घालून बारीक आचेवर रवीने ढवळत गरम करा, उकळी नको. मायक्रोवेव्हमध्ये तीस-तीस सेकंदांनी ढवळत. फ्रीजमध्ये दोन दिवस, त्याहून जास्त नाही. फ्रीजरमध्ये ठेवायचं तर दूध-क्रीम घालायच्या आधीचं ठेवा. तरी सुटल्यावर पाणी वेगळं आणि गाळ वेगळा दिसतो, उकळी आणून हँड ब्लेंडरचे दोन झटके दिले की जुळतं.

---

पर्वतीपायथा

शेवटचं विचारते, बारा जणांसाठी करायचं आहे. सगळं सरळ तिप्पट करू का?

---

खलबत्ता

लीक, बटाटे, दूध, क्रीम तिप्पट. बटर 100 ग्रॅम पुरतं. पाणी तिप्पट करू नका, मोठ्या पातेल्यात त्या मानाने कमी आटतं. सव्वादोन लिटरने सुरुवात करा, बाकी नंतर. जायफळ दुप्पटच.

सगळ्यात महत्त्वाचं, किलोभर चिरलेला लीक एका पातेल्यात एकदम घालू नका. खालचा तांबूस होईल आणि वरचा कच्चा राहील. दोन पातेल्यांत अर्धा-अर्धा मऊ करा, मग एकत्र करा, आणि ह्या वेळी 25 मिनिटं धरा. पुरणयंत्रातून काढायला वीसेक मिनिटं लागतील. दूध घालण्याआधीपर्यंतचं सगळं सकाळीच करून ठेवता येतं. पाहुणे आले की गरम करायचं, दूध, मग क्रीम, आणि पातेलं शेगडीवरून उतरवून गरम पाण्याच्या परातीत ठेवायचं, म्हणजे दुसऱ्यांदा वाढेपर्यंत गरम राहतं आणि फाटतही नाही.

---

पर्वतीपायथा

परातीचं लक्षात ठेवते. खूप आभार, ताई. लीक आणायला सकाळी लवकरच जाते, आंबेगावकरांनी सांगितलंय तसे दाबून बघून.